१८३ तारा, सव्वाआठच्या आत

नेदरलँड्समध्ये मैफल साधारण रात्री सव्वाआठला सुरू होते. हार्पसिकॉर्ड, म्हणजे पट्टी दाबली की नखीने तार छेडणारं पियानोसारखं जुनं वाद्य, दुपारी दोनच्या आत हॉलवर पोचला पाहिजे ही आमची अट, आणि आयोजकांशी घासाघीस होते ती मानधनापेक्षा या अटीवरूनच जास्त. पियानोवादकाला हा प्रश्नच येत नाही. पियानो हॉलचा, तो लावणारा माणूस हॉलचा, याने सातला येऊन बोटं मोकळी करायची. हार्पसिकॉर्डवाला मात्र वादक, सूर लावणारा, मिस्त्री आणि अर्धा हमाल, सगळं एकटाच. बाखचं पहिलं सविस्तर चरित्र लिहिणारे योहान निकोलाऊस फॉर्केल १८०२ मध्ये सांगतात की वाद्याच्या नख्या बसवण्याचं काम बाखला दुसऱ्या कुणाचं पसंत पडत नसे, ते तो स्वतःच करी. आणि सूर लावायला त्याला पाव तासाच्या वर लागत नसे. नख्यांच्या बाबतीत आम्ही त्याच परंपरेतले. पाव तास मात्र आम्हाला साधलेला नाही. सरावलेल्या हाताला पाऊण तास जातो, थंड चर्चमध्ये पुरा एक.

वाद्य दोन कीबोर्डचं, अठराव्या शतकातल्या फ्रेंच धाटणीचं. लांबी सव्वादोन मीटरच्या पुढे, वजन सत्तर किलोच्या आसपास. खालच्या एफपासून वरच्या एफपर्यंत पाच सप्तकं, म्हणजे ६१ पट्ट्या. प्रत्येक पट्टीला तीन तारा: दोन ‘आठ फुटी’, लिहिलेल्या स्वरातच बोलणाऱ्या, आणि एक ‘चार फुटी’, सप्तकभर वर बोलणारी. ६१ त्रिक १८३.

इतकं हलकं, इतकं लहरी वाद्य आम्ही का वाजवतो, हा प्रश्न रास्त आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हार्पसिकॉर्ड पुन्हा रंगमंचावर आणला वांदा लान्दोव्स्का यांनी. त्यांच्यासाठी पॅरिसच्या प्लेयेल कंपनीने बनवलेलं वाद्य १९१२ मध्ये लोकांपुढे आलं, ते जवळजवळ पियानोच्या बांध्याचं होतं: जड, जाड तारांचं, खर्जासाठी सोळा फुटी तारांचा वेगळा संच, रजिस्टरं, म्हणजे कोणता तारांचा संच बोलणार ते, बदलायला पायाखाली पेडल. १९३३ मध्ये त्यांनी ‘गोल्डबर्ग व्हेरिएशन्स’ रेकॉर्ड केलं ते अशाच वाद्यावर. दुसऱ्या महायुद्धानंतर बॉस्टनमध्ये फ्रँक हबर्ड आणि विल्यम डाउड यांनी, ब्रेमेनमध्ये मार्टिन स्कोव्हरोनेक यांनी जुनी वाद्यं मोजूनमापून पुन्हा पातळ लाकडाची, बारीक तारांची वाद्यं घडवायला घेतली. डच हार्पसिकॉर्डवादक गुस्ताव्ह लेओनहार्ट यांची कारकीर्द या वाद्यांच्या सोबतीने उभी राहिली. १९४७ ते १९५० बाझलच्या स्कोला कान्तोरुममध्ये शिक्षण, १९५० मध्ये व्हिएन्नात ‘आर्ट ऑफ फ्यूग’ वाजवून पदार्पण, मग अॅमस्टरडॅममध्ये अध्यापन, चर्चमध्ये ऑर्गन, आणि १९७१ पासून निकोलाउस हार्नोनकूर यांच्याबरोबर वाटून घेतलेलं बाखच्या कँटाटांचं रेकॉर्डिंग, जे १९९० पर्यंत चाललं. आन्टवर्पच्या डुल्केन यांच्या १७४५ च्या वाद्यावरून स्कोव्हरोनेक यांनी १९६२ मध्ये त्यांना जो हार्पसिकॉर्ड करून दिला, त्याच्या आवाजाने पुढच्या पिढीचे कान घडले. १२ डिसेंबर २०११ ला पॅरिसमध्ये लेओनहार्ट यांनी शेवटची मैफल केली, १६ जानेवारी २०१२ ला ते गेले. पेडल गेली, लोखंडी बांधा गेला, आवाज उघडा झाला. आणि त्याबरोबर सूर लावायची किल्ली आणि नख्या सोलायची सुरी कायमची वादकाच्या पिशवीत आली.

वाद्य हलवताना पाय काढायचे, झाकण बांधायचं आणि सरळ लांब बाजूवर, गादी घातलेल्या फळीवर उभं करून व्हॅनमध्ये सरकवायचं. वाकडी बाजू कधीही खाली घ्यायची नाही. हॉलवर पोचल्यावर उभं केलं की लगेच उघडायचा मोह होतो, तो आवरावा. साउंडबोर्ड, म्हणजे तंबोऱ्याची तबली म्हणा, ही स्प्रूस लाकडाची जेमतेम तीन मिलिमीटर जाडीची पाटी. हवेतला दमटपणा वाढला की ती फुगून वर येते आणि सूर चढतात. हवा कोरडी झाली की बसते आणि सूर उतरतात. हिवाळ्यात बंद चर्चमध्ये दुपारी हीटर लावले की आर्द्रता तीस टक्क्यांपर्यंत घसरते. वाद्याला पन्नासच्या आसपास मानवते. म्हणून आर्द्रतामापक आधी ठेवायचा, तासभर थांबायचं, आणि हीटर मैफलीच्या वेळी जितका असणार आहे तितकाच आत्तापासून ठेवा असं चौकीदाराला दोनदा सांगायचं. दोनदाच, कारण पहिल्यांदा तो होकार देतो आणि पाचला बंद करून चहाला जातो.

तासाभराने पहिलं काम पट्ट्यांचं. सगळी रजिस्टरं बंद करून ६१ पट्ट्या एकेक दाबायच्या. एखादी जड वर येते. लाकूड फुगून पट्टीच्या भोकातली खीळ आवळलेली असते. खास चिमटा मिळतो, त्याने भोकाची भिंत केसभर दाबली की पट्टी सुटते. केसभरच. जास्त दाबलं की उन्हाळ्यात तीच पट्टी खडखडते.

मग जॅक. जॅक म्हणजे लाकडाची अरुंद चपटी काडी, पट्टीच्या मागच्या टोकावर उभी. तिच्या माथ्याशी खिळीवर झुलणारी छोटी जीभ, जिभेत आडवी बसवलेली नखी, वर नमद्याचा तुकडा. पट्टी दाबली की काडी वर जाते, नखी तार छेडते. पट्टी सोडली की काडी खाली येते, नखी तारेवर टेकते, जीभ मागे झुकून तिला वाट देते, मागची बारीक स्प्रिंग जिभेला जागेवर आणते आणि नमदा तारेवर बसून आवाज मिटवतो. सगळा प्रवास सहा-सात मिलिमीटरचा. या सहा-सात मिलिमीटरमध्ये जे जे बिघडू शकतं, ते ते बिघडतं.

तपासायची रीत अशी: पट्टी अगदी सावकाश दाबायची, छेड कुठे होते ते बोटाला कळलं पाहिजे. मग त्याहून सावकाश सोडायची. झटक्यात सोडलं तर प्रत्येक जॅक खाली जातो, आणि दोष लपतो. सावकाश सोडल्यावर नखी तारेवर अडकून बसली, तर मैफलीत ट्रिल, म्हणजे दोन शेजारचे स्वर भराभर आलटूनपालटून, वाजवताना तो स्वर मुका होणार हे नक्की. कारणं तीन-चारच: नखी लांब, स्प्रिंग फार ताठ, जीभ तिच्या खाचेत घासते, किंवा दमटपणाने जॅकच फुगला. आधी जॅक काढून पाहायचा. बहुतेक वेळा नखीच असते.

नखी पूर्वी कावळ्याच्या पिसाच्या दांड्याची असे. आजही काही जण तीच वापरतात. आवाज गोड, हाताला मऊ, पण अधूनमधून ऑलिव्ह तेलाचं बोट फिरवावं लागतं आणि टिकते कमी. फिरतीच्या वाद्यावर आम्ही डेलरिन नावाच्या प्लॅस्टिकची घालतो, जाडी साधारण अर्धा मिलिमीटर. तुटलेली मागच्या बाजूने काढायची, नवी जिभेच्या खाचेत मागूनच घट्ट सरकवायची. ती तारेच्या पुढे जेमतेम डोकावली पाहिजे. मिलिमीटरसुद्धा जास्त होतो. जॅक जागेवर ठेवून एकदा वाजवायचं: नवी नखी शेजारच्या स्वरांपेक्षा नेहमीच दणकट बोलते. आता जॅक काढून नखी लाकडाच्या छोट्या ठोकळ्यावर उलटी टेकवायची आणि टोकदार पात्याच्या सुरीने खालचीच बाजू सोलायची, जिभेकडून टोकाकडे, लांब एकसंध ओढीने. वरच्या पृष्ठाला, जिथे तार टेकते, हात लावायचा नाही. मध्ये सुरी थांबली की पायरी पडते आणि आठवड्याभरात नखी तिथेच मोडते. मुळाशी जास्त सोललं तर स्वर पिचका आणि उशिरा येतो. फक्त टोकाशी सोललं तर पट्टी हाताला मऊ लागते, पण आवाजाची धार जाते. एक ओढ, जॅक परत, दोन्ही शेजारी स्वरांबरोबर वाजवून ऐकणं, पुन्हा बाहेर. चार-पाच फेऱ्या सहज. मिरजेला जवारी काढणाऱ्या कारागिराच्या हाताकडे कुणी पाहिलं असेल तर हे काम लगेच कळेल: घासून गेलेलं परत लावता येत नाही, आणि कान डोळ्याच्या पुढे असतो. नखी जास्त सोलली गेली तर दुरुस्तीच्या फंदात न पडता नवी घालावी. अर्ध्या मिलिमीटरच्या प्लॅस्टिकवर कंजुषी करण्यात अर्थ नाही.

तिन्ही रजिस्टरं एकत्र लावली की एका पट्टीवर तीन जॅक वर जातात. ते एकाच क्षणी छेडले तर बोटाला तिप्पट भार. म्हणून ते आगेमागे छेडतील असे लावलेले असतात, अंतर इतकं कमी की कानाला एकच छेड वाटावी. नवी नखी घातल्यावर हा क्रम बिघडला नाही ना, ते जॅकच्या पायाच्या स्क्रूने पाहून घ्यायचं.

तुटलेली तार असली तर ती या वेळेलाच बदलायची, कारण नवी तार दोन-तीन दिवस उतरतच राहते. वरच्या तारा लोखंडी, जाडी पाव मिलिमीटरच्या आत, खर्जाकडे पितळ. मधल्या सी च्या वरच्या सी ची लोखंडी तार सुमारे ३५ सेंटिमीटर लांब असते आणि तुटण्याच्या बिंदूच्या बरीच जवळ ताणलेली असते. वाद्य बोलतं ते त्या ताणामुळेच. म्हणून ४१५ वर, म्हणजे ए हा स्वर सेकंदाला ४१५ कंपनांचा धरून, बांधलेलं वाद्य किल्ली फिरवून ४४० वर न्यायचा विचारही करू नये. त्यासाठी कीबोर्डच सरकतो: एका बाजूचा लाकडी ठोकळा काढून दुसऱ्या बाजूला घातला की प्रत्येक पट्टी शेजारच्या तारेखाली जाते आणि वाद्य अर्ध्या स्वराने चढतं. नवख्या वादकाला इथे एक गोष्ट लक्षात येत नाही. तारा सरकत नाहीत, त्यामुळे सी मेजरसाठी लावलेले गोड गांधार आता बी मेजरला जातात आणि सी मेजर कर्कश वाटू लागतो. कीबोर्ड सरकवला म्हणजे सूर पहिल्यापासून लावायचे.

सूर लावणं. पेटीच्या सुरावर नाराज असणाऱ्या गवयाला हा भाग वेगळा सांगायला नको. बारा षड्ज-पंचम एकापुढे एक शुद्ध लावत गेलं तर तेराव्या जागी पहिला स्वर परत मिळत नाही, सुमारे २३.५ सेंट वर जातो (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग). हा जादाचा तुकडा कुठे मुरवायचा, एवढाच प्रश्न. समान सप्तक, जे आजच्या पियानोवर आणि पेटीवर आहे, तो बारांत सारखा वाटतं, आणि प्रत्येक गांधार शुद्धपेक्षा जवळपास १४ सेंट चढा राहतो. हार्पसिकॉर्डच्या तारेत वरचे उपस्वर इतके स्पष्ट असतात की असा गांधार सतत डोलतो, म्हणजे आवाज लाटेसारखा कमी-जास्त होत राहतो. पियानोवर ते खपतं, इथे खपत नाही.

फ्रेस्कोबाल्दी किंवा फ्रोबर्गर, म्हणजे सतराव्या शतकातलं संगीत, असेल तर आम्ही पाव-कॉमा मीनटोन नावाची पद्धत लावतो. सी-जी-डी-ए-ई हे चार पंचम प्रत्येकी ५.४ सेंट आवळायचे, म्हणजे शुद्धपेक्षा तेवढे लहान ठेवायचे, असे की सी-ई हा गांधार निखळ, अजिबात न डोलणारा लागेल. बाकीचे स्वर यांच्यावरून शुद्ध गांधारानेच: ई वरून जी शार्प, ए वरून सी शार्प, डी वरून एफ शार्प, जी वरून बी, उलट्या दिशेने ए वरून एफ, डी वरून बी फ्लॅट, जी वरून ई फ्लॅट. आठ गांधार शुद्ध मिळतात. किंमत एवढीच, की जी शार्प आणि ई फ्लॅट यांच्यात लांडगा बसतो, सुमारे ३६ सेंट फुगलेला पंचम, ज्याला हात लावायचा नाही. कार्यक्रमात मध्येच ए फ्लॅट लागत असेल तर मध्यंतरात सगळे जी शार्प ४१ सेंट चढवायचे. पाच सप्तकांत पाच, तीन संच, म्हणजे १५ तारा. हिशेब आधी कागदावर मांडलेला बरा.

बाख असेल तर व्हालोत्ती. पादुआचे फ्रान्चेस्को आन्तोनियो व्हालोत्ती (१६९७–१७८०) यांच्या नावाची ही पद्धत: एफ-सी-जी-डी-ए-ई-बी हे सहा पंचम प्रत्येकी ३.९ सेंट आवळलेले, उरलेले सहा शुद्ध. खालचा आठ फुटी संच तेवढा उघडा ठेवायचा. ट्यूनिंग फोर्कवरून ए, ४१५ चा. त्याच्या खालच्या सप्तकातला ए, मग त्याच्याखालचा एफ असा की हा गांधार किंचित मोठा राहून सेकंदाला जेमतेम तीन डोल देईल. आता एफ-सी, सी-जी, जी-डी आवळत यायचं, प्रत्येकात सेकंदाला एक ते पावणेदोन डोल, आणि डी-ए वर येऊन थांबायचं. परीक्षा इथे होते. डी-ए फार जोरात डोलला तर आधीचे तीन पुरेसे आवळले नव्हते. अजिबात डोलला नाही तर जास्त आवळले. पुढे ए-ई, ई-बी तसेच. मग एफ वरून उलट दिशेने शुद्ध पंचम: बी फ्लॅट, ई फ्लॅट, ए फ्लॅट, सी शार्प, एफ शार्प. शेवटी एफ शार्प आणि बी एकत्र वाजवायचे. स्वच्छ लागले तर चक्र मिटलं. नाही लागले तर चूक त्या शेवटच्या जोडीत शोधू नये, ती बहुधा सी-जी मध्ये असते.

किल्ली खुंटीवर पूर्ण बसवायची आणि मनगटाने फिरवायची. खुंटी वाकवून मिळवलेला सूर हात काढल्यावर परत जातो. स्वर नेहमी खालून वर आणायचा. मधलं सप्तक झालं की बाकीची सप्तकं शुद्ध, मग दुसरा आठ फुटी संच पहिल्याशी एकसूर, शेवटी चार फुटी. त्याच्या वरच्या तारा बोटभर लांब असतात आणि किल्ली श्वासाएवढी हलली तरी पाच-सात सेंट सरकतात. तिथे चिडचिड होते ती सगळ्यांचीच. ट्यूनर अॅप जवळ असतं. शांत हॉलमध्ये कान जास्त भरवशाचा, गोंगाटात अॅप.

साडेपाचला बाकीचे येतात. व्हायोलिनवाल्यांना नुसता ए देऊन भागत नाही. त्यांनी ए वरून खाली शुद्ध पंचम लावले तर व्हालोत्तीतल्या आमच्या जी पेक्षा त्यांचा जी जवळपास ८ सेंट उतरलेला, आणि चेलोचा सी १२ सेंट. म्हणून प्रत्येक मोकळ्या तारेचा स्वर वाजवून द्यायचा आणि ते जुळेपर्यंत धरून ठेवायचा. काही जण नाक मुरडतात. पहिल्या सी मेजरवर त्यांनाच फरक कळतो.

हार्पसिकॉर्डवादकाचं पोट भरतं ते अशा साथीवर, म्हणजे कन्टिन्युओवर. एकल मैफली वर्षातून मोजक्या. समोर फक्त बासची ओळ आणि तिच्याबरोबर आकडे: ६ म्हणजे बासपासून सहावा, ७ म्हणजे सातवा, आकडा नाही तिथे साधा तिसरा-पाचवा. बाकीचं हाताने जागच्या जागी रचायचं. पट्टी जोरात मारून आवाज वाढत नाही, म्हणून आवाज स्वरांच्या संख्येने कमी-जास्त करायचा. गायिका हळू गात असेल तर दोनच स्वर, सावकाश पसरून. कोरस आला की दोन्ही हात भरून. तालमीत एक गोष्ट मुद्दाम ऐकायची: गायिकेचा गांधार आणि माझा गांधार भांडतात का. भांडत असतील तर तो स्वर माझ्या रचनेतून काढून टाकायचा. ती गाते आहेच.

साडेसातला दिवे लागतात आणि तारा तापून उतरतात. पितळ आणि लोखंड सारखं उतरत नाही, त्यामुळे खर्ज आणि वरचं सप्तक फाटतं. याला तोड एकच: दिवे सहालाच लावून ठेवायला सांगणं आणि साडेसातला, दार उघडण्याआधी, एकसूर पुन्हा तपासणं. मध्यंतर वीस मिनिटांचं. लोक कॉफी घेऊन वाद्याभोवती येतात, झाकणावरचं चित्र पाहतात, प्रश्न विचारतात. मान हलवायची आणि किल्ली सोडायची नाही. आधी मधली दोन सप्तकं, दोन आठ फुटींमधला एकसूर, मग चार फुटीचं वरचं टोक. खर्जाला वेळ मिळाला तर.

दुसरा भाग झाला की पाय काढण्याआधी, अजून कानात आहे तोवर, कीबोर्डच्या कडेला लावलेल्या चिकटपट्टीवर पेन्सिलने लिहून ठेवायचं: वरचा कीबोर्ड, तिसरा एफ शार्प, नखी जड. चार फुटी, वरचा बी फ्लॅट, तार बदलणे.